सतरा सप्टेंबरची दोन पाने



दरवर्षी सतरा सप्टेंबरला सकाळी आपल्या जिल्ह्यात झेंडावंदन होते. परभणी, पाथरी, जिंतूर, गंगाखेड, पूर्णा, सेलू, कोठेही जा, शाळेच्या पटांगणात मुले रांगेने उभी असतात आणि कोणी वक्ते मराठवाडा मुक्तिसंग्रामाची हकीकत सांगत असतात. भाषणात 'रझाकार' हा शब्द येतो. त्याच क्षणी रांगेतील आपल्या मुलाला उगाचच वाटते की, आजूबाजूच्या नजरा आपल्याकडे वळल्या. घरी आल्यावर तो विचारतो, "अब्बा, रझाकार कोण होते? आपण होतो का?" पुष्कळ घरांत या प्रश्नाला उत्तर मिळत नाही. "अभ्यास कर," एवढे बोलून विषय मिटवला जातो.

ही मुग्धता समजण्यासारखी आहे. आपल्या बुजुर्गांनी 1948 साली जे पाहिले ते मुलांना सांगून त्यांच्या मनात विष कालवू नये, असे त्यांना वाटत आले. त्यात वाईट हेतू नव्हता. पण घरात जे सांगितले जात नाही ते मूल बाहेरून शिकते. आज तर ते खिशातल्या मोबाईलवरच शिकते. 2015 साली 'रझाकार' याच विषयावर मराठी चित्रपट निघाला. 2024 साली त्याच विषयावरचा तेलुगू चित्रपट हिंदीसह इतर भाषांत दाखवला गेला. त्याआधी 2013 साली बीबीसी रेडिओने पोलीस कारवाईनंतरच्या कत्तलींविषयी एक माहितीपर कार्यक्रम केला आणि जगभर त्याची चर्चा झाली. या चित्रपटांत रझाकारांचा जुलूम आहे. त्या कार्यक्रमाचा भर त्या जुलमानंतर जे घडले त्यावर आहे. सतरा सप्टेंबरच्या इतिहासाची ही दोन पाने आहेत. ज्याने एकच पान वाचले त्याला इतिहास कळला असे म्हणता येणार नाही. म्हणून या स्मरणिकेच्या निमित्ताने ती दोन्ही आपणापुढे ठेवण्याचा हा प्रयत्न आहे.

पहिले पान

आपला परभणी जिल्हा निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता. औरंगाबाद (आजचे छत्रपती संभाजीनगर), बीड, नांदेड, उस्मानाबाद (आजचे धाराशिव) आणि परभणी असे संस्थानाचे पाच मराठी जिल्हे. संस्थानात एकूण सोळा जिल्हे होते. 1941 च्या शिरगणतीप्रमाणे संस्थानाची लोकसंख्या सव्वा कोटीहून बरीच अधिक, सुमारे 1 कोटी 63 लाख होती. त्यात मुसलमान आठात एक, इतपतच होते. कारभाराची आणि कचेरीची भाषा मात्र उर्दू. उस्मानिया विद्यापीठ 1918 साली निघाले, तेही उर्दू माध्यमाचे. मराठी, तेलुगू आणि कन्नड बोलणाऱ्या रयतेला स्वतःच्या भाषेत शिकण्याची, सभा भरवण्याची, वर्तमानपत्र काढण्याची मोकळीक फार थोडी होती.

या रयतेच्या जागृतीला आपल्या जिल्ह्यानेही हातभार लावला. 1937 साली महाराष्ट्र परिषदेचे पहिले अधिवेशन परतूर येथे भरले. परतूर त्या वेळी परभणी जिल्ह्यातच होते. 1981 साली जालना जिल्हा झाला तेव्हा ते तिकडे गेले. 1938 साली स्टेट काँग्रेसची स्थापना होताच तिच्यावर बंदी आली आणि सत्याग्रह झाला. स्वामी रामानंद तीर्थ हे या लढ्याचे पुढारी. मागणी जबाबदार राज्यपद्धतीची होती. ती कोणत्या धर्माविरुद्ध नव्हती.

दुसरीकडे 1927 साली मजलिस-ए-इत्तेहादुल मुस्लिमीन ही संघटना निघाली होती. तिने पुढे 'अनल मलिक' हा विचार मांडला. त्याचा अर्थ असा की, राज्याचा धनी मुसलमान समाज आहे आणि निजाम हे त्याचे प्रतीक आहे. वाचकहो, या घोषणेचा क्षणभर विचार करा. खेड्यातला पिंजारी दिवसभर धनुकलीवर कापूस पिंजून दोन वेळची भाकर मिळवीत होता. मोमीन मागावर बसत होता. मुलाणी, अत्तार, बागवान, फकीर यांची स्थिती काही निराळी नव्हती. जहागिरी ज्यांच्या होत्या त्यांच्याच होत्या. पण या गरिबांना सांगण्यात आले की, तुम्ही राजे आहात. त्यांच्या हाती सत्ता कधी आली नाही. सत्तेचा दोष मात्र त्यांच्या कपाळी लागला.

1946 साली लातूरचा वकील कासीम रझवी मजलिसचा अध्यक्ष झाला. 'रझाकार' या शब्दाचा मूळ अर्थ स्वयंसेवक. रझवीच्या हाताखाली त्या शब्दाचा अर्थ खेड्यापाड्यांत दहशत असा झाला. 15 ऑगस्ट 1947 ला देश स्वतंत्र झाला, पण निजामाने विलीनीकरण नाकारले. 29 नोव्हेंबर 1947 ला भारत सरकारशी 'जैसे थे' करार झाला. त्यानंतरच्या महिन्यांत रझाकारांचा धुमाकूळ वाढत गेला. गावांवर खंडणी बसवली जाई. जे गाव ती देण्यास नकार देई तेथे लूट, जाळपोळ, खून आणि स्त्रियांची विटंबना होई. मे 1948 मध्ये बिदर जिल्ह्यातील गोरटा आणि ऑगस्टमध्ये तेलंगणातील भैरणपल्ली या गावांत कत्तली झाल्या. हजारो कुटुंबे घरदार सोडून सरहद्दीपलीकडे गेली. वऱ्हाडच्या हद्दीवर उमरखेड आणि इतरत्र स्टेट काँग्रेसच्या छावण्या उभ्या राहिल्या.

हे पान आपण मुलांपुढे मोकळेपणाने वाचले पाहिजे. ते लपवण्यात इज्जत नाही. इस्लामची शिकवणच अशी आहे की, साक्ष द्यावयाची वेळ आली तर ती न्यायाने द्यावी, मग ती आपल्या स्वतःविरुद्ध वा आपल्या आप्तांविरुद्ध का जाईना.

अशी साक्ष देणारे मुसलमान त्या काळात होते, आणि त्यांची नावे आपल्या मुलांना पाठ असली पाहिजेत. शोएबुल्लाखान हे 'इमरोज' या उर्दू दैनिकाचे तरुण संपादक. त्यांनी रझाकारांविरुद्ध निर्भयपणे लिहिले. ऑगस्ट 1948 मध्ये संस्थानातील सात मुसलमान गृहस्थांनी, रझाकार संघटना बरखास्त करावी आणि भारतात सामील व्हावे असे पत्रक काढले. 'इमरोज'ने ते छापले. थोड्याच दिवसांनी, 21 ऑगस्टच्या रात्री, हैदराबादेत शोएबुल्लाखान यांच्यावर हल्ला झाला. ज्या हाताने ते लिहीत तो हात तोडण्यात आला आणि त्यांचा मृत्यू झाला. वय अवघे अठ्ठावीसच्या आसपास. त्या पत्रकावर सही करणाऱ्यांपैकी फरीद मिर्झा हे आपल्या शेजारच्या नांदेड जिल्ह्यात महसूल खात्यात अधिकारी होते. रझाकारांचे अत्याचार पाहून त्यांनी सरकारी नोकरीचा राजीनामा दिला होता. कवी मखदूम मोहिउद्दीन कामगारांना आणि शेतकऱ्यांना घेऊन निजामी राजवटीविरुद्ध उभे राहिले. तेव्हा मुलाने विचारले, "रझाकार आपण होतो का?" तर त्याला सांगावे, "मारणारेही मुसलमान होते, आणि त्यांना अडवताना मेला तोही मुसलमान होता. तू कोणाचा वारस व्हायचे ते तू ठरव."

दुसरे पान

13 सप्टेंबर 1948 रोजी भारतीय फौजा संस्थानात शिरल्या. 17 सप्टेंबरला निजामाने शरणागती जाहीर केली. पाच दिवसांत लढाई संपली आणि मेजर जनरल जे. एन. चौधरी लष्करी गव्हर्नर झाले. संस्थान भारतात आले ही गोष्ट न्यायाची झाली, आणि त्यामुळेच आज आपण एका लोकशाही देशाचे नागरिक आहोत. सतरा सप्टेंबर हा दिवस म्हणूनच आपलाही आहे. त्या दिवशी झेंड्याला सलामी देताना आपल्या मुलाने मान खाली घालण्याचे कारण नाही.

पण लढाई संपली तरी मरण थांबले नाही. त्यानंतरच्या आठवड्यांत कित्येक जिल्ह्यांत सामान्य मुसलमानांवर सूड घेण्यात आला. दिल्लीपर्यंत बातम्या गेल्या. पंतप्रधान पंडित नेहरूंच्या इच्छेवरून पंडित सुंदरलाल, काझी अब्दुल गफ्फार आणि मौलाना अब्दुल्ला मिस्री यांचे सद्भावना मंडळ हैदराबादला आले. पंडित सुंदरलाल हे गांधीजींच्या मार्गाचे जुने देशभक्त, तर काझी अब्दुल गफ्फार हे हैदराबादच्या 'पयाम' या उर्दू पत्राचे संपादक राहिलेले. 29 नोव्हेंबर ते 21 डिसेंबर 1948 या काळात मंडळाने सोळापैकी नऊ जिल्ह्यांत प्रवास केला. शहरे पाहिली, खेडी पाहिली, आणि ज्या गावी जाता आले नाही अशा शंभराहून अधिक गावांतील पाचशेवर लोकांच्या जबान्या घेतल्या.

त्यांचा निष्कर्ष असा होता. सर्वाधिक हानी उस्मानाबाद, गुलबर्गा, बिदर आणि नांदेड या चार जिल्ह्यांत झाली. तेथे मेलेल्यांची संख्या 18,000 हून कमी नसावी. औरंगाबाद, बीड, नलगोंडा आणि मेदक या चार जिल्ह्यांत मिळून किमान 5,000. पोलीस कारवाईच्या वेळी आणि त्यानंतर सर्व संस्थानात मिळून 27,000 ते 40,000 माणसे मेली, आणि हाही अंदाज आखडता हात ठेवून केलेला आहे, असे मंडळाने लिहिले. एका विहिरीत त्यांनी स्वतः अकरा प्रेते मोजली. स्त्रिया पळवल्या गेल्या, दुकाने लुटली गेली, सक्तीने धर्म बदलवले गेले. लुटीत काही ठिकाणी सैन्यातील आणि पोलिसांतील माणसेही सामील होती, हेही त्यांनी नोंदले. सरहद्दीपलीकडून आलेल्या टोळ्यांचा हात तर होताच. त्याच वेळी जनरल चौधरी यांच्या निष्पक्षपणाची प्रशंसा करण्यासही ते चुकले नाहीत.

या आठ जिल्ह्यांच्या यादीत परभणीचे नाव नाही. पण नांदेड, बीड आणि औरंगाबाद हे आपले तिन्ही शेजारी तिच्यात आहेत. आपल्या लेकीसुना, आपली सोयरीक, आपला व्यापार या जिल्ह्यांशी जोडलेला. म्हणून ते दुःख परभणीच्या उंबऱ्याबाहेर राहिले असे कोणी समजू नये.

आता या अहवालातील एक गोष्ट विशेष लक्षात ठेवण्यासारखी आहे. कितीतरी हिंदूंनी स्वतःचा जीव धोक्यात घालून मुसलमान शेजाऱ्यांना आश्रय दिला, हे मंडळाने आवर्जून लिहिले. हिंदू विणकरांनी आपल्या मुसलमान विणकर भावांचा बचाव केला आणि त्यात काहींनी प्राण गमावले. पळवलेल्या स्त्रियांना परत आणण्याच्या कामी अनेक हिंदूंनी मदत केली. एकाच धंद्यातली माणसे, एकाच बाजारात सूत घेणारी आणि एकाच सावकाराचे देणे लागणारी. त्यांना एकमेकांची तोंडे ओळखीची होती. ज्याचे तोंड ओळखीचे आहे त्याच्यावर हात उचलणे कठीण जाते. टोळी बाहेरून आली म्हणजे हे बंधन तिला नसते. शोएबुल्लाखान आणि ते अनामिक विणकर यांना एका ओळीत बसवा. सतरा सप्टेंबरचे खरे वीर तेथे सापडतील.

हिशेब कोणी चुकता केला

गुन्हेगारांचे पुढे काय झाले तेही पाहू. निजाम 1950 साली राजप्रमुख झाले आणि 1956 पर्यंत त्या मानाच्या जागी राहिले. कासीम रझवीला दरोड्याच्या खटल्यात शिक्षा झाली. 1957 साली सुटल्यावर तो पाकिस्तानात निघून गेला आणि 1970 साली तेथेच वारला. म्हणजे ज्यांनी आग लावली त्यांतला एक मानाने जगला, दुसरा देश सोडून गेला. हिशेब चुकता केला तो खेड्यातल्या पिंजाऱ्याने, मोमिनाने, त्यांच्या विधवांनी आणि यतीम मुलांनी. त्यांच्यापैकी बहुतेकांचा रझाकारांशी काडीचा संबंध नव्हता. तसेच रझाकारांनी ज्या हिंदू शेतकऱ्याचे घर जाळले त्याचाही निजामाशी काही वैयक्तिक झगडा नव्हता. दंगलीचा हाच नियम आहे. भांडण वरच्यांचे असते आणि मरण खालच्यांचे.

या घटनेचा शिक्षणावर जो परिणाम झाला तो आपल्या संस्थेसारख्या संस्थांच्या दृष्टीने महत्त्वाचा आहे. कचेऱ्यांतून उर्दू गेली. उर्दूत शिकलेला कारकून एका रात्रीत जणू निरक्षर ठरला. पुष्कळ कुटुंबे खेडी सोडून शहरांच्या वस्त्यांत आली. भीतीने आणि गरिबीने मुलांच्या शाळा सुटल्या. 1956 साली मराठवाडा मुंबई राज्यात आला आणि 1960 साली महाराष्ट्रात. तोवर आपली एक पिढी मागे पडली होती. आज आपण शिक्षणाच्या मागासलेपणाबद्दल बोलतो तेव्हा त्याची एक मुळी 1948 मध्ये आहे, हे ध्यानात असावे. मात्र ते कारण म्हणून समजून घ्यावे, सबब म्हणून पुढे करू नये.

चित्रपट कसा पाहावा

सुंदरलाल मंडळाचा अहवाल सरदार पटेलांना मान्य झाला नाही. तो प्रसिद्ध झाला नाही आणि पन्नासहून अधिक वर्षे सामान्य वाचकाच्या हाती पडला नाही. पुढे ए. जी. नूराणी यांच्यासारख्या अभ्यासकांनी तो उजेडात आणला आणि 2013 साली दिल्लीच्या नेहरू स्मारक ग्रंथालयात तो पाहता येऊ लागल्याची बातमी जगभर गेली. सत्य कपाटात ठेवले म्हणून ते मरत नाही. उलट जोवर ते कपाटात असते तोवर अफवेला मोकळे रान मिळते. अहवाल नसला की आकडे ज्याच्या त्याच्या मर्जीने फुगतात किंवा आटतात.

माहितीपटांचीही हीच कथा. आनंद पटवर्धन यांच्या अयोध्येवरील 'राम के नाम' या 1992 च्या माहितीपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. तरी तो दूरदर्शनवर दिसायला कोर्टाची पायरी चढावी लागली आणि 1997 साल उजाडले. म्हणून विद्यार्थी मित्रहो, दंगलीवरचा कोणताही चित्रपट वा माहितीपट पाहताना त्याला चार प्रश्न विचारा.

पहिला प्रश्न, हा कोणत्या दिवशी सुरू होतो आणि कोणत्या दिवशी संपतो? 1948 ची कथा 17 सप्टेंबरला संपवली तर एक अर्थ निघतो, त्याच दिवशी सुरू केली तर दुसरा. दुसरा प्रश्न, आकडा कोणी मोजला आणि कसा? गावोगाव फिरून जबानी घेणारा मनुष्य वेगळा आणि खोलीत बसून संख्या सांगणारा वेगळा. तिसरा प्रश्न, वाचवणारी माणसे यात दिसतात का? ज्या चित्रात ती एकही नाहीत ते चित्र अपुरे आहे, मग ते कोणाच्याही बाजूचे असो. चौथा प्रश्न, गुन्हा माणसाचा दाखवला आहे की जमातीचा? रझवीला नाव आहे, गाव आहे, खटला आहे. त्याच्या गुन्ह्याबद्दल आज परभणीच्या शाळेत बसलेल्या मुलाला जबाब विचारता येत नाही. त्याच न्यायाने 1948 च्या टोळ्यांबद्दल त्या मुलाच्या हिंदू वर्गमित्रालाही जबाब विचारता येत नाही. पहिली गोष्ट आपण मागतो, तेव्हा दुसरी द्यावीच लागते.

पालकांनाही एक सांगावयाचे आहे. जुन्या जखमेवर नवी भर पडते हे आपणास ठाऊक आहे. 21 नोव्हेंबर 2003 रोजी, रमजानच्या शुक्रवारी, परभणीच्या मोहम्मदिया मशिदीत बाँबस्फोट झाला. तो दिवस पाहिलेले अनेक जण आज आपल्यात आहेत. अशा वेळी मुलाच्या मनात प्रश्न उठतात. त्याला गप्प बसवले तर तो उत्तरे दुसरीकडे शोधेल, आणि तेथे उत्तर देणारा मनुष्य आपल्या मुलाचा हितचिंतकच असेल याची काय खात्री? बापाने सांगितलेला इतिहास, दोन्ही पानांसह, हेच त्याचे संरक्षण आहे.

आपल्या हातून होण्यासारखे

1948 साली जे दहा वर्षांचे होते ते आज नव्वदीच्या उंबरठ्यावर आहेत. काही वर्षांत डोळ्यांनी पाहिलेले सांगणारे कोणी उरणार नाही. नववी-दहावीच्या प्रत्येक विद्यार्थ्याने या सुट्टीत एक वही करावी. आपल्या घरातील किंवा गल्लीतील बुजुर्गांजवळ बसावे. तुमचे गाव कोणते, तेव्हा कोण आले, कोणी लपवले, कोणी भाकरी दिली, घर केव्हा सोडले, परत कधी आलात, हे विचारावे. ऐकलेले आणि पाहिलेले यांची नोंद वेगवेगळी ठेवावी. आणि मग याच प्रश्नांची वही घेऊन एखाद्या हिंदू आजोबांकडे किंवा आजीकडेही जावे, कारण रझाकारांच्या भीतीने रात्री गाव सोडलेली माणसे आपल्याच तालुक्यात आहेत. दोन्ही वह्या शेजारी ठेवून शाळेच्या ग्रंथालयात द्याव्यात.

या कामी आपल्या मुलांना एक लाभ आहे. निजामकाळातील महसुलाची पुष्कळशी दप्तरे उर्दूत आहेत. 2023 साली न्यायमूर्ती संदीप शिंदे समितीने मराठवाड्यात कुणबी नोंदी शोधावयास घेतल्या तेव्हा उर्दू आणि मोडी वाचणाऱ्यांची गरज सर्वांना कळली. ज्या मुलाला उर्दू येते, मराठी उत्तम येते आणि इंग्रजीही वाचता येते तो या जिल्ह्याच्या इतिहासाच्या दोन्ही बाजू मूळ कागदांतून वाचू शकेल. आपली तालीम अशी व्हावी की, 1948 चा इतिहास लिहावयास बसणारा पुढचा अभ्यासक परभणीच्या एखाद्या शाळेतून निघावा, आणि त्याने लिहिलेले वाचून हिंदू आणि मुसलमान या दोघांनीही म्हणावे की, होय, हे असेच झाले होते.